वाचकांचे प्रश्न : लहान मुलाचे वजन आणि वाढीची रेषा

प्रश्न : माझा मुलगा १ वर्ष १० महिन्यांचा आहे. जन्मतः त्याचे वजन २.७ किलो, वर्षाचा झाला तेव्हा ८.४ किलो आणि आता १०.२ किलो आहे. उंची ८३ सेंटिमीटर आहे. माझ्या जावेचा मुलगा त्याच्याच वयाचा असून १३ किलोचा आहे, त्यामुळे घरात सगळे माझ्या मुलाला हाडकुळा म्हणतात. वर्षानंतर त्याची भूकही कमी झाली आहे. तो खेळकर आहे, फारसा आजारी पडत नाही. त्याला वजन वाढवणारी पावडर किंवा टॉनिक सुरू करावे का?
– एक वाचक, जि. सातारा

उत्तर : आपण तीन वेळची वजने लिहून पाठवलीत, हे फार चांगले केले, कारण एकट्या आजच्या आकड्यावरून मुलाच्या वाढीविषयी फारसे सांगता येत नाही. जागतिक आरोग्य संघटनेने २००६ साली प्रसिद्ध केलेल्या आणि आपल्याकडे अंगणवाडीपासून बालरोगतज्ज्ञांपर्यंत सर्वत्र वापरल्या जाणाऱ्या तक्त्यांनुसार बावीस महिन्यांच्या मुलग्याचे मध्यम वजन ११.८ किलो असते, आणि ते ९.४ किलोच्या खाली गेले तर त्याला वयाच्या मानाने कमी वजन म्हणतात. आपला मुलगा या दोहोंच्या मधे आहे. त्याहून महत्त्वाचे असे की जन्माच्या वेळी आणि वर्षाचा असतानाही तो तक्त्यावरील मध्यम वजनाच्या रेषेच्या खाली, पण निरोगी पट्ट्यातच होता. गेल्या दहा महिन्यांत त्याचे वजन १.८ किलोने वाढले आहे, आणि त्याच्यासारख्या लहान चणीच्या मुलांकडून तक्ता साधारण एवढ्याच वाढीची अपेक्षा करतो. म्हणजे तो स्वतःच्या रेषेला धरून वाढतो आहे. जावेचा मुलगा त्याच्या वेगळ्या रेषेवर वाढत असेल. दोघांची तुलना करून कोणाच्याच प्रकृतीविषयी काही कळत नाही.

‘हे तक्ते परदेशी मुलांचे, आपली मुले मुळातच बारीक’ असे पुष्कळ जण म्हणतात, म्हणून सांगतो की ज्या सहा देशांतील मुलांच्या मोजमापांवरून हे तक्ते तयार झाले त्यांत भारतही होता आणि दक्षिण दिल्लीतील मुले त्यात होती. पुरेसा आहार, स्तनपान आणि स्वच्छ परिसर मिळाला तर या सर्व देशांतील लहान मुलांची उंची जवळपास सारखीच वाढते, असे त्या अभ्यासातून दिसले. मुलगे आणि मुलींचे तक्ते मात्र वेगळे असतात, तेव्हा त्याच्या वाढीच्या कार्डावरची नोंद मुलग्यांच्याच आलेखावर होते आहे ना, हे एकदा पाहावे.

भूक कमी होण्याविषयी. पहिल्या वर्षात मूल साधारण सहा-सात किलो वाढते, दुसऱ्या वर्षात जेमतेम अडीच किलो. वाढीचा वेग असा निम्म्याहून खाली आला की अंगाची मागणीही त्या मानाने घटते, आणि आईला वाटते की मूल जेवेनासे झाले. या वयात ताट घेऊन मुलामागे धावणे, मोबाईल दाखवून घास भरवणे किंवा तोंड दाबून खाऊ घालणे यांनी जेवणाची नावड मात्र पक्की होते. दिवसातून तीन-चार वेळा जेवण आणि एक-दोनदा मधले खाणे, सर्वांबरोबर बसून, त्याच्या हाताने, एवढे आपल्या हाती ठेवावे. किती खायचे ते त्याला ठरवू द्यावे.

पावडर किंवा टॉनिक देऊ नये. त्याऐवजी घरच्या अन्नाचा कस वाढवावा : वरण-भातावर चमचाभर तूप, भाजीत किंवा थालीपिठाच्या पिठात शेंगदाण्याचे कूट, अंडे, नाचणीची खीर, घट्ट वरण, दही. अख्खे शेंगदाणे व फुटाणे घशात अडकतात, ते या वयात देऊ नयेत. दूध दिवसाला अर्ध्या लिटरच्या आत असावे, कारण दुधाने पोट भरलेले मूल जेवत नाही आणि दुधात लोह जवळजवळ नसते. चहा-बिस्कीट तर कटाक्षाने बंद करावे. चहामुळे अन्नातील लोह अंगी लागत नाही. आशाताईंकडून मिळणारे लोहाचे औषध आठवड्यातून दोनदा १ मिली आणि वर्षातून दोनदा जंताचे औषध चुकवू नये.

दर महिन्याला त्याच काट्यावर, अंगात कमीत कमी कपडे असताना वजन करावे. दोन वर्षांपर्यंत लांबी झोपवून मोजतात, नंतर उभे करून. त्यामुळे पुढे सुमारे ०.७ सेंटिमीटर कमी भरले तर घाबरू नये. मात्र सलग दोन-तीन महिने वजन जागचे हलले नाही, रेषा खालच्या पट्ट्याकडे वळली, ताप किंवा खोकला दोन आठवड्यांहून जास्त राहिला, किंवा दंडाचा घेर १२.५ सेंटिमीटरपेक्षा कमी भरला, तर बालरोगतज्ज्ञांना दाखवावे. घेर ११.५ सेंटिमीटरच्या खाली असेल किंवा दोन्ही पावलांवर सूज असेल, तर त्याच दिवशी दाखवावे.

प्रश्न : माझा नातू अडीच वर्षांचा, ९१ सेंटिमीटर उंच आणि १६ किलोचा आहे. सगळे त्याच्या गुटगुटीतपणाचे कौतुक करतात, पण सून काळजी करते. तिची काळजी योग्य आहे का?
– एक आजी, ठाणे

उत्तर : होय, सूनबाईंची काळजी योग्य आहे. या उंचीच्या मुलग्याचे वजन साधारण १३ किलो असते आणि साडेपंधराच्या आसपास गेले की ते जास्त समजतात. तरीही त्याला उपाशी ठेवायचे नाही किंवा त्याचे वजन उतरवायचेही नाही. उंची वाढत असताना वजन काही महिने जागच्या जागी राहिले, तरी प्रमाण आपोआप सुधारते. बाटली असेल तर सोडवावी, दुधातली साखर, फरसाण, बाजारचे रस आणि रडणे थांबवण्यासाठी दिला जाणारा खाऊ बंद करावा. पोळी-भाजी, आमटी, फळे त्याला भूक असेल तेवढी खाऊ द्यावीत. दिवसभरात मिळून किमान तीन तास तो धावेल-खेळेल, रात्रीची आणि दुपारची मिळून अकरा ते चौदा तास झोप होईल आणि टीव्ही-मोबाईल एका तासाच्या आत राहील, असे पाहावे. आपण रोज संध्याकाळी त्याला चालवत बागेत नेऊ शकलात तर सूनबाईंना मोठीच मदत होईल. तीन महिन्यांनी पुन्हा वजन व उंची मोजून डॉक्टरांना दाखवावे.