मुनीम, पोस्टमास्तर आन् पोरीचा बाप

प्रश्न: नमस्कार जी. माझा पोरगा २६ वर्षांचा हाये, तीन सिझनपासून वडश्याच्या एका कंपनीत झाडीपट्टीच्या (आपल्या पूर्व विदर्भातल्या) रातभर चालनाऱ्या नाटकात काम करते, कधी मुनीम, कधी हवालदार, लोकं हासतात बी. आता म्हणते मुंबईले जातो, सिरीयलमधी ट्राय करतो. दिसाले साधाच हाये, हिरो काही होत नाही हे त्यालेबी मालूम हाये. साइड रोलवर पोट भरते काय? धाडू का नको? (एक वडील, ब्रह्मपुरी तालुका)

उत्तर: भाऊ, "दिसाले साधा" हे तुम्ही तक्रारीसारखं लिहिलं पण आमच्या साइड रोलवाल्यांच्या कामात तेच भांडवल आहे. मुनीम, पोस्टमास्तर, पोरीचा बाप हे साधेच दिसावे लागतात. आणि वयाचं टेन्शन नको, निळू फुले पुण्यात माळीकाम करत होते, त्यांचा पहिला सिनेमा १९६८ चा, म्हणजे पस्तिशी उलटल्यावर. ए. के. हंगल शिंपीकाम करायचे, सिनेमात आले ते पन्नाशीच्या आसपास.

पोटाचं म्हणाल तर पैसे रोजावर. महिन्यात चार दिवस बोलावलं तर चार दिवसांचेच, आणि तेही बहुतेक ९० दिवसांनी. सोयाबीनचा चुकारा त्यापेक्षा लवकर येतो बाप्पा. मी एका सिरीयलमध्ये हिरोईनचा काका होतो, एक दिवस काका तीर्थयात्रेला गेले ते गेलेच, मला कोणी काही सांगितलं नाही, फोन यायचे बंद झाले तेव्हा समजलं.

आता कामाचं सांगतो. आपल्याकडे रात्री दहा-अकराला पडदा उघडतो ते पहाटेपर्यंत, मंडईच्या जत्रेतल्या मागच्या माणसापर्यंत आवाज गेला पाहिजे म्हणून छातीतून बोलायची सवय. माझ्या पहिल्या शूटिंगला एकच वाक्य होतं, "मालक, गाडी आली." असा ओरडलो की साउंडवाल्याने कानावरचा हेडफोनच काढला, म्हणे काका, माइक तुमच्या शर्टात आहे! दुसरं म्हणजे उभं राहणं. मेन लोकांचा दोन पानांचा सीन आणि मी मागे चहाचा ट्रे घेऊन, आधी सगळ्यांचा मास्टर शॉट मग एकेकाचा क्लोज, सहा-सात वेळा तेच ते, आणि दरवेळी कप कोणत्या शब्दावर ठेवला ते लक्षात ठेवायचं, नाहीतर एडिटिंगमध्ये कप इकडून तिकडे उड्या मारतो. ज्याला हे जमते त्याला परत बोलावतात, अ‍ॅक्टिंग नंतर.

बोलीचं एक सांगून ठेवतो. आपलं बोलणं ऐकलं की ते खूश होतात आणि वॉचमन देतात, नाहीतर कर्जात बुडालेला शेतकरी. भारत गणेशपुरेंनी शेजारच्या वऱ्हाडीवर नाव कमावलं, मान्य, पण पोराला पुस्तकी मराठी आणि हिंदीही साफ करू द्या, म्हणजे बोली त्याच्या मर्जीने काढता येईल.

धाडा, पण पावसाळ्यात. आपला सिझन दिवाळी ते होळी, होळीनंतरचे महिने तसेही रिकामे, तेव्हा ऑडिशन देऊ दे आणि दिवाळीला वापस येऊ दे. कंपनी एकदम सोडायची नाही. परशुराम खुणेंना २०२३ ला पद्मश्री मिळाली ती याच झाडीपट्टीच्या कामासाठी, मुंबईच्या सिरीयलसाठी नाही. आणि कोणी रोल देतो म्हणून आधी पैसे मागितले तर पोराने सरळ उठून यावं. माझे १२ हजार असेच गेलेत, घरी अजून सांगितलं नाही, आता इथे वाचतील.

प्रश्न: ज्युनिअर आर्टिस्ट आणि कॅरेक्टर आर्टिस्ट एकच काय? (वाचक, घाटंजी)

उत्तर: नाही जी. लग्नाच्या सीनमध्ये मागे जेवताना दिसतात ते ज्युनिअर, पोरीचा बाप हात जोडून "जेवून जा" म्हणतो तो कॅरेक्टर. जेवण मात्र दोघांचंही थंडच असते.