ता. क. मधल्या गोळ्यांबद्दल

प्रिय मित्रा,

खरं पत्र तू ता. क. मध्ये लिहिलंस. आधीची सगळी पानं प्रदर्शनाबद्दल, नव्या मालिकेतल्या निळ्याबद्दल, आणि शेवटी बारीक अक्षरात एवढंच की बायपोलरवरचं, म्हणजे आपल्या या चढ-उताराच्या आजारावरचं, लिथियम महिन्याभरापासून बंद केलंय, कारण गोळ्यांवर असताना चित्रं ‘मेलेली’ येतात. साक्षीला व्हॅन गॉग उभा केलाच आहेस. त्याला कोणी बरं केलं असतं तर ती चित्रं झाली असती का, हा तुझा सवाल.

तुझ्यात काय आहे याबद्दल आपल्या दोघांना शंका नाही, तेव्हा त्यावर शाई घालवत नाही. मला एकच म्हणायचंय आणि पत्रभर तेच म्हणणार आहे. कंटाळलास तरी वाच. चित्र तू काढतोस. आजार काढत नाही.

व्हॅन गॉगलाच आधी घेऊ, कारण त्याच्या आडून जो तो आपलंच घोडं दामटतो. मे १८८९ मध्ये तो स्वतःहून सेंट-रेमीच्या मनोरुग्णालयात दाखल झाला. वर्षभर राहिला, सुमारे १५० चित्रं केली. लोक एवढंच ऐकतात आणि समीकरण मांडून मोकळे होतात. झटके यायचे तेव्हा काय व्हायचं, ते कोणी विचारत नाही. जुलैमध्ये उघड्यावर काम करताना झटका आला आणि पुढे कित्येक आठवडे त्याच्या हातून काही झालं नाही. त्या अवस्थेत तो रंगच तोंडात घालायचा, म्हणून रंग त्याच्यापासून लांब ठेवावे लागले. ‘तारांकित रात्र’ जूनमधली आहे, म्हणजे या झटक्याच्या आधीच्या शांत दिवसांतली. तीही रात्री झपाटून काढलेली नाही. खिडकीतून पहाटेचं आकाश पाहून ठेवलं, गाव आपल्या मनाने बसवलं आणि चित्र दिवसाउजेडी खालच्या खोलीत केलं. त्याने भावाला लिहिलेली पत्रं वाच. कोणत्या रंगाच्या नळ्या पाठव, कॅनव्हास किती मीटर लागेल, पिवळ्याशेजारी जांभळा ठेवला की काय होतं, हे सगळं त्यात आहे. हा कारागिराचा हिशेब आहे. झटक्यात असलेल्या माणसाला तो जमत नाही, त्यालाही जमला नाही.

आता तू म्हणशील, झटका वेगळा आणि माझा चढ, ती मॅनियाची तेजी, वेगळी. मान्य. तो चढ मी अनुभवला आहे. दोन तास झोपूनही पहाटे टक्क जाग असते, एरवी आठवडाभर न सुटणारा कोपरा एका फटकाऱ्यात सुटतो, आपल्याआधी हातालाच कळतं. ते खोटं असतं असं मी म्हणणार नाही. पण त्या रात्री जे सुचलं ते चांगलं होतं हे तुला कोणी सांगितलं? त्याच रात्रीने ना?

संगीतकार रॉबर्ट शुमानचं बघ. १८४० या एका वर्षात त्याने १२५हून अधिक गाणी लिहिली. रॉबर्ट वाईसबर्ग या मानसशास्त्रज्ञाने त्याच्या रचना वर्षवार मांडून पाहिल्या. कोणती रचना किती वेळा ध्वनिमुद्रित झाली, हा त्याचा गुणवत्तेचा मापदंड. थोडा बाजारू वाटतो मला, पण दुसरा कोणता लावणार? १९९४ साली आलेला त्याचा निष्कर्ष असा, की तेजीच्या वर्षांत रचनांची संख्या भरमसाट वाढली, चांगल्या रचनांचं प्रमाण मात्र वाढलं नाही. चढाने ढीग मोठा केला, सरस केला नाही. पुढे १८५४ मध्ये आत्महत्येचा प्रयत्न, मग एंडेनिखचं रुग्णालय, आणि १८५६ मध्ये तिथेच मृत्यू. त्या शेवटच्या दोन वर्षांत संगीत जवळपास थांबलं. (त्याला नेमकं काय झालं होतं यावर डॉक्टर अजून भांडतात. मेलेल्यांची निदानं करण्यात मला फारसा रस नाही. तू तर जिवंत आहेस.)

कलावंत आणि मनोविकार यांबद्दलच्या पाहण्या तूही वाचल्या असशील. नॅन्सी अँड्रियासनने १९८७ साली ३० लेखक आणि ३० बिगरलेखक तपासले. लेखकांपैकी ८० टक्के आयुष्यात कधी ना कधी मनोविकाराच्या, म्हणजे डिप्रेशनच्या किंवा चढाच्या तावडीत सापडले होते, इतरांपैकी ३० टक्के. माणसं मोजकी, आणि समोर लेखक बसलाय हे मुलाखत घेणारीला माहीत. तरी आकडा बोलका आहे, नाही म्हणत नाही. पण त्याच लेखकांनी तिला आणखी एक गोष्ट सांगितली, ती कोणी सांगत नाही. डिप्रेशनमध्ये लिहिण्याची ताकद नसते आणि चढात मन एका जागी ठरत नाही, म्हणून लिहिणं होतं ते मन ताळ्यावर असताना. पुढे २०११ मध्ये स्वीडनमधल्या संशोधकांनी सुमारे ३ लाख रुग्णांच्या नोंदी पाहिल्या. बायपोलर असलेली माणसं सर्जनशील व्यवसायांत जास्त सापडली. आणि त्यांची निरोगी भावंडंही. यावर जरा थांब. ज्याला तू आजाराचं देणं समजतोस ते आजार नसलेल्या भावंडांतही दिसतं. तुझी ताई ठरावीक वेळी झोपते, तिला कधी चढ येत नाही, आणि रंगाच्या बाबतीत तिची नजर तुझ्याहून तिखट आहे. हे तूच एकदा कुरकुरत सांगितलं होतंस.

माझं एक ऐक. अगदी चढात होते तेव्हा कॅनव्हास कमी पडले. मग मी जुनी, पूर्ण झालेली चित्रं काढली आणि त्यांवर पांढरा रंग फिरवून वर नवीन सुरू केली. नवी त्या आठवड्यातच अर्धवट पडली. जुन्यांचे धड फोटोही नाहीत. त्यातलं एक मी आज विकलं नसतं, कोणाला दिलंही नसतं. आजाराने माझ्या चित्रांसाठी स्वतःच्या हाताने केलेलं काम ते एवढंच. त्यानंतर खालचा काळ आला तो लांबला. त्यात एक रेष नाही. वय उतरायला लागलं की ती वर्षं मोजावीशी वाटतात. मोजत नाही.

गोळ्यांनी काही जात नाही, असं मी सांगणार नाही. मोगेन्स शू या डॅनिश मानसोपचारतज्ज्ञाने १९७९ साली लिथियम घेणाऱ्या २४ कलावंतांना विचारलं होतं. निम्म्यांनी सांगितलं काम वाढलं, ६ जणांनी सांगितलं फरक नाही, ६ जणांनी सांगितलं काम घटलं. म्हणजे तू त्या शेवटच्या सहांत असू शकतोस. माझ्या हाताला कंप आला. बारीक रेष गेली, आणि माझं जे काही नाव होतं ते त्या रेषेवरच होतं. मग मी रुंद ब्रश धरला, मनगटाऐवजी खांद्यातून काढायला शिकले. समीक्षकांनी लिहिलं, ‘ती आता निवली.’ सुरुवातीची धग राहिली नाही म्हणे. अरे, त्या धगीत माझं घर होरपळत होतं, ते यांना कुठे दिसलं होतं? आणि जाड रेष काही कमी प्रतीची नसते. तिच्यात चूक लपवता येत नाही, निर्णय आधी घ्यावा लागतो. मी ती शिकायला जितकी राबले तितकी बारीक रेषेसाठी कधीच राबले नव्हते. यांना ‘सुरक्षित’ वाटते ती. वाटू दे.

असो. मी तुझ्याबद्दल बोलत होते.

नॉर्वेचा चित्रकार एडवर्ड मुंक, त्यालाही तुझीच भीती होती. दुःख हा आपल्या कलेचाच भाग आहे, ते काढलं तर कला जाईल, असं त्याने लिहून ठेवलंय. तरी १९०८ साली भ्रम आणि दारूने पार कोलमडल्यावर कोपनहेगनच्या एका क्लिनिकमध्ये तो महिनोन्‌महिने राहिला. त्यानंतर १९४४ पर्यंत जगला आणि शेवटपर्यंत रंगवत राहिला. ऑस्लो विद्यापीठाच्या सभागृहातला तो प्रचंड सूर्य नंतरचाच आहे. नंतरचा मुंक मिळमिळीत, असं म्हणणारे आहेतच; ते त्या सूर्यासमोर किती वेळ उभे राहिले ते विचार. ठिपक्यांची चित्रं काढणाऱ्या जपानच्या यायोई कुसामांचं उदाहरण तू देशीलच, म्हणून आधीच सांगते. हो, ते ठिपके लहानपणीच्या भासांतून आले. विषय आजारातून येऊ शकतो. पण १९७७ साली त्या टोकियोतल्या एका मनोरुग्णालयात स्वतःच्या मर्जीने राहायला गेल्या आणि तिथून जवळच्या स्टुडिओत रोज कामाला जात राहिल्या. ठिपके दिसणं वेगळं, एकेक ठिपका बसवत नेणं वेगळं. दुसरं काम आजाराला येत नाही.

तेव्हा डॉक्टरांकडे या आठवड्यात जा. आपल्या मनाने बंद केल्यास, आता आपल्याच मनाने सुरूही करू नकोस. ‘चित्रं मेली’ हे जसंच्या तसं त्यांना सांग, लाजू नकोस. ते लक्षण म्हणून ऐकलं पाहिजे. रक्तातली लिथियमची पातळी शेवटची कधी पाहिली? डोस खाली आणता येईल का? आणि थायरॉइड तपासलं का? लिथियमने ते मंदावू शकतं, मग माणूस जड होतो, सगळं करडं दिसतं आणि आपण म्हणतो प्रतिभा गेली. कधी ते गोळीमुळे नसतंच, मागे उरलेलं डिप्रेशन असतं. यातलं काय आहे हे तुला घरी बसून कळणार नाही, मलाही नाही. त्या डॉक्टरांना ऐकून घ्यायला वेळ नसेल तर दुसरे शोध, पण डॉक्टरांकडे जाण्यात खंड पाडू नकोस.

महिनाभरात झोप किती उतरली ते तू लिहिलं नाहीस. मी ते वगळणं वाचते, मला सवय आहे. जगण्याचाच कंटाळा आल्यासारखे विचार येतात का, हेही लिहिलं नाहीस. येत असतील तर पत्र लिहीत बसू नकोस. ताईला उठव, मग मला फोन कर, कितीही वाजले असोत.

पांढरा रंग तेवढा ताईच्या ताब्यात दे. प्रदर्शनाचा करार आत्ता करू नकोस. थांबायला सांगितलंस तर प्रदर्शनवाले थांबतील. या महिन्यातली चित्रं भिंतीकडे तोंड करून ठेव, पुसू नकोस, पाठवूही नकोस. तपासणीचे रिपोर्ट आले की त्यांचा फोटो पाठव. चित्रांचा नंतर.

तुझी,
म्हातारी, जाड रेषेची