मितीला की मितीत?

प्रश्न थोडक्यात असा: ‘मी समांतर मितींच्या विश्वावर कथामालिका लिहितो आहे. प्रत्येक मितीत काळाची चाल वेगळी, म्हणून सगळ्या मितींना मिळून एक काल्पनिक कॅलेंडर रचलं आणि त्याला मितीदर्शिका असं नाव दिलं. कच्चा खर्डा वाचणाऱ्या एकाने शंका काढली की मिती म्हणजे तर तिथी. शब्द बदलावा का?’

बदलू नका. शंका काढणाऱ्याचं बरोबर आहे, आणि तेच तुमच्या पथ्यावर पडणारं आहे.

मितीचा मूळ अर्थ मोजणी. संस्कृतातला ‘मा’ हा धातू मोजण्याचा. मान, मात्रा, प्रमाण, परिमाण ही सगळी त्याचीच भावंडं. भूमितीमध्ये मिती ही मोजणीच आहे. त्रिमितीत ती मोजण्याची दिशा झाली. आणि जुनी पत्रं, खतावण्या, हुंड्या (पैसे चुकते करण्याच्या व्यापारी चिठ्ठ्या) यांत मिती म्हणजे सरळ दिवस: आधी ‘मिती’, मग महिना, पक्ष, तिथी, शक. नेपाळीत आजही दिवस लिहायचा तो ‘मिति’ म्हणूनच. मराठीत मात्र अरबीतून आलेल्या तारखेने तिला मागे सारलं आणि उरलेली जागा दिनांकाने घेतली. कॅलेंडरचा जन्मही हिशेबाच्या वहीतलाच. लॅटिनमध्ये ‘कॅलेंडारियम’ म्हणजे सावकाराची वही, कारण व्याज चुकतं करायचं ते महिन्याच्या पहिल्या दिवशी, आणि त्या दिवसाचं नाव ‘कॅलेंडी’.

एकाच शब्दात काळ आणि विश्व दोन्ही, हे घबाड तुम्हाला फुकट मिळालं आहे. गोंधळ होईल ही भीती खरी, पण मराठीने त्याची सोय प्रत्ययात करून ठेवली आहे. दिवसाला आपण ‘ला’ किंवा ‘स’ लावतो: पाच तारखेला, अष्टमीला, त्या मितीस. जागेला ‘त’ लागतो. ‘सातव्या मितीला भेटू’ म्हणजे ठरल्या दिवशी. ‘सातव्या मितीत भेटू’ म्हणजे त्या विश्वात. एवढं एक पथ्य पाळलंत तर वाचक अडखळणार नाही. आणि जिथे अडखळावा असं वाटतं तिथे प्रत्ययच काढून घ्या. ‘त्याची मिती चुकली’ या वाक्यातला माणूस उशिरा पोचला की भलत्याच विश्वात, हे पुढच्या पानापर्यंत कळू देऊ नका.

एक खुसपट काढतोच. मिती समांतर नसतात. लांबी, रुंदी, उंची एकमेकींना काटकोनात असतात. समांतर असतात ती विश्वं. पण ‘दुसऱ्या मितीतून आला’ हे कथांमध्ये आता रुळलं आहे, त्यामुळे मी त्यावर अडून बसणार नाही. ‘आयाम’ मात्र नको. मराठीत तो प्रश्नाला असतो, जगाला नाही.

आता बाकीची नावं. भिंतीवर टांगायची किंवा पात्रांनी उलगडायची वस्तू ती दर्शिका. तिच्यामागची पद्धत ती कालगणना. आणि वर्षं जिथून मोजायची तो शक. तुमच्या खर्ड्यात या तिन्हींना ‘कॅलेंडर’ म्हटलं आहे, त्याने वाचकाची दमछाक होते. पंचांग हा शब्द हात राखून वापरा, कारण त्यात खरोखरच पाच अंगं आहेत: तिथी, वार, नक्षत्र, योग, करण. तुमच्या विश्वात ‘कोणती मिती’ हे सहावं अंग येणार असेल तर ‘षडंग’ म्हणता येईल. षडंग हे सहा वेदांगांचंही नाव आहे आणि ज्योतिष त्यातलंच एक, त्यामुळे शब्द अगदीच परक्या घरी जात नाही.

सगळ्यात जास्त माल तिथीच्या हिशेबात आहे. चंद्र सूर्याच्या १२ अंश पुढे सरकला की एक तिथी संपते. चंद्राचा वेग सारखा नसल्याने तिला कधी १९ तास लागतात, कधी २६. दिवसाला नाव मिळतं ते सूर्योदयाच्या वेळी चालू असलेल्या तिथीचं. म्हणून दोन सूर्योदय पाहणारी ती वृद्धितिथी, एकही न पाहणारी ती क्षयतिथी. दोन वेगळ्या चालींचे काळ एकमेकांवर बसवायचे तर आणखी काय हवं! तुम्ही ‘गायब दिवस’ आणि ‘जादा दिवस’ लिहिलं आहे. तिथे ‘क्षयमिती’ आणि ‘वृद्धिमिती’ लिहून पाहा. पेढीवरचा ‘मितीकाटा’ही उचला. हुंडीचे पैसे मुदतीआधी घेतले तर उरलेल्या दिवसांचं व्याज कापलं जाई, ती कापणी म्हणजे मितीकाटा. एका मितीतून दुसरीत जाताना प्रवाशाचे जे दिवस कापले जातात, त्यांना याहून नेमकं नाव मला सुचत नाही.

एकाच दिवसाला दोन विश्वांत दोन नावं, हे वाचकांना पटेल का, असंही तुम्ही विचारलं आहे. पटेल. महिना अमावास्येला संपवणाऱ्या अमान्त पद्धतीतली श्रावण वद्य अष्टमी, महिना पौर्णिमेला संपवणाऱ्या पूर्णिमान्त पद्धतीत भाद्रपद कृष्ण अष्टमी असते. चंद्र तोच, रात्र तीच, महिना वेगळा. शुक्ल पक्षात मात्र दोघांचा महिना एकच. तुमच्या दोन मितीही अशा अर्धा महिना जुळणाऱ्या आणि अर्धा महिना फटकून वागणाऱ्या का असू नयेत?

राहिलं शुद्धलेखन. ‘मिती’ सुटी लिहिताना दीर्घ, पण तत्सम समासात आधी आली की ऱ्हस्व, जशी ‘तिथी’ पण ‘तिथिक्षय’. म्हणून ‘मितिदर्शिका’ लिहा, ‘मितीदर्शिका’ नको. मितीकाटा बाजारातला शब्द आहे, त्याला दीर्घच राहू द्या.