सगळं येतं म्हणून टोरांटोत डॉक्युमेंट्रीवर घर चालेल का?

तुम्ही विचारलंय की कॅमेरा, साउंड, एडिटिंग सगळं स्वतः करता, पुण्यात एनजीओच्या भरपूर फिल्म केल्यात, तर टोरांटोला आल्यावर डॉक्युमेंट्रीवर घर चालेल का. नुसत्या स्वतःच्या फिल्मवर नाही चालणार, सुरुवातीला तर नाहीच, पण हातात एवढं सगळं असल्यावर उपाशीही राहणार नाही.

फक्त "मला सगळं येतं" असं इथे सांगत फिरू नका. क्रूत माणूस एकाच कामासाठी घेतात, एडिटर म्हणजे एडिटर, त्यामुळे शोरील, म्हणजे कामाचे निवडक नमुने, प्रत्येक कामाची वेगवेगळी करा. मला पहिली कामं मिळाली ती मराठी-हिंदी फुटेजचं लॉगिंग (कुठल्या शॉटमध्ये काय आहे त्याची नोंद) आणि सबटायटल्सची, पैसे बेताचेच, पण एडिट रूममध्ये शिरलो आणि पुढच्या ओळखी तिथेच झाल्या.

कॅनडात स्थायिक होण्यासाठी कलाकारांना असलेला सेल्फ-एम्प्लॉईड प्रोग्रॅम एप्रिल 2024 पासून थांबवलाय, कुणी एजंट तोच दाखवून पैसे मागत असेल तर सरळ उठून या. पीआर, म्हणजे कायम राहण्याचा परवाना, मात्र हवाच, कारण कलांना पैसे देणाऱ्या कॅनडा काउन्सिल या सरकारी संस्थेची ग्रँट नागरिक किंवा पीआरवाल्यांनाच मिळते. उलट ॲमस्टरडॅमच्या इडफा या डॉक्युमेंट्री महोत्सवाच्या बर्था फंडासारखे पैसे आशिया-आफ्रिकेत राहणाऱ्यांसाठी असतात, म्हणून भारतातली फिल्म अर्धवट असेल तर ती तिथेच संपवा आणि मग निघा. डॉक्युमेंट्री दिग्दर्शिका निशा पाहुजांच्या झारखंडवरच्या 'टू किल अ टायगर' या फिल्ममागे इथलं सरकारी नॅशनल फिल्म बोर्ड होतं, ऑस्कर नामांकनही मिळालं, हे खरं, पण त्या वाढल्याच टोरांटोत, आपण नवखे.

सगळ्यात जास्त डोकं खातं ते क्लिअरन्स, म्हणजे फिल्ममध्ये दिसणाऱ्या-ऐकू येणाऱ्या गोष्टींचे हक्क आणि परवानग्या. समजा विसर्जनाच्या शॉटमध्ये मागे डीजेवर सिनेमाचं गाणं वाजतंय, तिकडे आपण लक्षही देत नाही, इथे चॅनेलवाले विचारतात की गाण्याचे हक्क घेतले का आणि त्या रेकॉर्डिंगचे वेगळे घेतले का, आणि कागद नसले की ई अँड ओ इन्शुरन्स (हक्कांवरून कुणी दावा लावला तर त्यासाठीचा विमा) अडतो, तो अडला की फिल्मच अडली. जुनं फुटेज वापरायचं असेल तर त्यातल्या लोकांच्या रिलीज फॉर्मवर, म्हणजे फिल्ममध्ये दाखवायच्या परवानगीच्या कागदावर, सह्या आत्ताच घ्या, इथून फोनवर मागे लागणं फार जिवावर येतं.

कॅमेरा-लेन्सची सिरीयल नंबरसकट यादी करून लँडिंगलाच कस्टम्सला द्या, मागून येणारं सामानही त्यातच लिहा. आणि हो, थंडीत शूट करून घरात शिरताना कॅमेरा बाहेरच प्लास्टिकच्या पिशवीत घट्ट बंद करा, आत आल्यावर तासभर उघडू नका, नाहीतर लेन्सवर पाणी धरतं, आणि बॅटऱ्या जॅकेटच्या आतल्या खिशात.