गळा एकच आहे!

लंडनच्या वेस्ट एंडमध्ये, म्हणजे तिथल्या नाट्यगृहांच्या भागात, संगीतिका करता करता मालिकांत कामे घेणारे, आणि तेच शिकायला तिकडे निघालेले, अशा वाचकांचे प्रश्न साठले आहेत. बहुतेकांची समजूत एकच: गाण्याचा आवाज वेगळा, बोलण्याचा वेगळा. तसे नाही. स्वरतंतूंची जोडी एकच असते.

आठवड्याला 8 प्रयोग आहेत. दिवसा चित्रीकरण घेऊ का? तिथे गायचे नाही, फक्त संवाद आहेत. (लंडन)

440 हर्ट्झचा स्वर लावला की स्वरतंतू सेकंदाला 440 वेळा एकमेकांवर आपटतात. बाईच्या साध्या बोलण्यात सुमारे 200 वेळा. म्हणजे 'फक्त संवाद' ही विश्रांती नव्हे, आणि भांडणाचा प्रसंग तर गाण्यापेक्षा महाग पडतो. आरडाओरड्याचे शॉट शेवटी घ्यायला सांगा, तालमीत ते नुसते खुणेने करा. दोन प्रयोगांच्या दिवशी चित्रीकरण नकोच. रात्री प्रयोगानंतर पेल्यातल्या पाण्यात नळी 2-3 सेंटीमीटर बुडवून तिच्यातून 'ऊ' काढत सूर वर-खाली न्या, 5 मिनिटे. नंतर गजबजलेल्या पबमध्ये ओरडून गप्पा मारायच्या असतील, तर हा खटाटोप फुकट.

आई भारतातून जेष्ठमध पाठवते. आवाज खुलतो ना? (लेस्टर)

गिळलेले सारे अन्ननलिकेत जाते. ते स्वरतंतूंवर पडले असते, तर ठसका लागला असता. घशाला बरे वाटते, इतकेच. जेष्ठमध रोज खाल्ल्याने रक्तदाब वाढू शकतो. रक्तदाबाची गोळी चालू असेल तर आधी डॉक्टरांना विचारा. वाफ साध्या पाण्याची घ्या, त्यात बाम नको.

गायकांसाठी म्हणून विकतात ते घसा बधिर करणारे स्प्रे?

नकोत. दुखणे कळायलाच हवे, नाहीतर तुम्ही दुखऱ्या गळ्याने जोर लावत राहाल. 'गायकांसाठी' हा शब्द बाटलीवर छापायला परीक्षा द्यावी लागत नाही.

आवाज बसल्यावर कुजबुजत बोललेले बरे ना?

नाही. गप्प बसा.

5 आठवडे आवाज बसला आहे. गाण्याच्या शिक्षकांनी ऑनलाइन ऐकून 'स्वरतंतूंवर गाठी आहेत, जातील' म्हटले. हंगाम संपल्यावर दाखवले तर चालेल? (मँचेस्टर)

चालणार नाही. कानाने गाठी दिसत नाहीत, कोणालाही. गाठ, पॉलिप (मऊ फुगवटा), सिस्ट (द्रवाची पिशवी), रक्तस्राव, सगळ्यांत आवाज घोगराच येतो आणि उपचार मात्र वेगवेगळे. 3 आठवड्यांवर घोगरेपणा राहिला की दुर्बिणीने तपासणी, हा नियम. जीपीकडे (तिथल्या तुमच्या नेहमीच्या डॉक्टरांकडे) जाऊन व्हॉइस क्लिनिकची चिठ्ठी मागा आणि स्ट्रोबोस्कोपीबद्दल (लुकलुकत्या प्रकाशात स्वरतंतूंची हालचाल संथ दिसते, ती तपासणी) विचारा. व्यावसायिक कलाकारांना 'ब्रिटिश असोसिएशन फॉर परफॉर्मिंग आर्ट्स मेडिसिन'कडे मोफत तपासणी मिळते. तिथेही संपर्क साधा. वय 45च्या पुढे असेल तर एक दिवसही थांबू नका, कर्करोग आधी वगळावा लागतो.

गाठी निघाल्याच, तर पहिला उपचार स्पीच थेरपीचा, सुरीचा नव्हे. 'द साउंड ऑफ म्युझिक'च्या गायिका-अभिनेत्री जूली अँड्र्यूज यांच्या घशावर 1997 साली न्यूयॉर्कमध्ये शस्त्रक्रिया झाली आणि गाण्याचा तो आवाज परत आला नाही. अभिनय पुढेही चालू राहिला, पण गाणे गेले. म्हणून शस्त्रक्रियेआधी दुसरे मत घ्याच.

'प्रयोगापुरते' स्टेरॉइड टोचून देणारे भेटतील. त्याने सूज उतरते, इजा तिथेच राहते आणि तुम्ही तिच्यावर गाता. आणि सूर लावताना आवाज एकाएकी गेला, तर रक्तस्राव समजून तिथेच थांबा. अ‍ॅस्पिरिन, आयबुप्रोफेन मनाने घेऊ नका (हृदयासाठी चालू असलेली अ‍ॅस्पिरिन मनाने बंदही करू नका). लगेच तज्ज्ञ गाठा. बदली कलाकार त्यासाठीच ठेवलेला असतो.

सप्टेंबरमध्ये लंडनच्या ड्रामा स्कूलला निघाले आहे. घसा ठीक आहे. तरी तपासू? (पुणे)

हो, ठीक असतानाच. नाक-कान-घसा तज्ज्ञांकडून स्ट्रोबोस्कोपी करून घ्या आणि नुसता अहवाल नको, चित्रफीत मागा. पुढे काही झाले, तर तिथल्या डॉक्टरांना तुलनेला तीच लागेल.