माहितीपटाच्या छायाचित्रकाराने निर्मितीतही उतरावे का?

आपण विचारले आहे की, अभियांत्रिकीची पदवी घेतल्यावर पुण्यात राहून माहितीपटांच्या छायाचित्रणाकडे वळता येईल का, आणि छायाचित्रकाराने निर्मितीची जबाबदारी घ्यावी का. ही दोन्ही कामे मी येथेच अनेक वर्षे करीत आहे आणि माझे स्पष्ट मत आहे की, छायाचित्रण मनासारखे करायचे असेल तर निर्मिती शिकावीच लागते.

शिक्षणाचा प्रश्न त्यामानाने सोपा आहे. लॉ कॉलेज रस्त्यावर, प्रभातच्या जुन्या स्टुडिओच्या आवारात १९६० साली सुरू झालेल्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये प्रवेश मिळाला तर उत्तमच. नाही मिळाला तर एखाद्या जाणत्या छायाचित्रकाराकडे साहाय्यक म्हणून राहावे.

मला खरा धडा मिळाला तो कसबा पेठेतल्या तांबट आळीत. एक वयस्कर कारागीर हंड्यावर मठारकाम करीत होते. पहिले दोन दिवस मी कॅमेरा पिशवीतून काढलाच नाही, नुसता बसून राहिलो. तिसऱ्या दिवशी सकाळी दारातून तिरपे ऊन आले आणि हातोडीच्या प्रत्येक ठोक्यासरशी तांब्यावर एकेक चकाकता ठसा उमटू लागला. ठोके थांबले तसा मी कॅमेरा बंद केला, आणि नेमके त्याच क्षणी त्यांनी डोळे मिटून हंड्याच्या काठावरून सावकाश अंगठा फिरवला. ते दृश्य माझ्याकडे नाही. तेव्हापासून काम थांबल्यावरही मी मनात वीस आकडे मोजतो आणि मगच कॅमेरा बंद करतो.

असे थांबणे रोजंदारीवर परवडत नाही, कारण किती दिवस थांबायचे हे पैसे लावणारा ठरवतो. शिवाय भारताच्या १९५७ च्या कॉपीराइट कायद्यानुसार चित्रपटाचा कर्ता म्हणजे निर्माता. कॅमेरा चालवणारा नव्हे. हे मला उशिरा उमगले. नदीकाठच्या एका गावात मी दोन वर्षे केलेले चित्रण एका निर्मात्याच्या कपाटात पडून आहे, चित्रपट पूर्ण झालेला नाही, आणि करार न वाचता सही केल्यामुळे मला त्यातला एक तुकडाही वापरता येत नाही. त्या गावातल्या माणसांना तोंड दाखवताना आजही जड जाते.

म्हणून सही करण्यापूर्वी कच्च्या चित्रणावर हक्क कोणाचा राहील, हे करारात लिहून घ्या. ज्यांचे चित्रण करणार त्यांना संमतिपत्र मराठीत वाचून दाखवा, आणि त्याच रात्री चित्रणाच्या दोन प्रती वेगवेगळ्या हार्ड डिस्कवर काढा. अंदाजपत्रकात संकलन, ध्वनी आणि उपशीर्षके यांचे पैसे आधी बाजूला ठेवा, कारण चित्रण संपते तेव्हा बहुधा पैसेही संपलेले असतात.

पोटापाण्यासाठी लग्नसमारंभांची किंवा जाहिरातींची कामे अवश्य करा. त्यात कमीपणा नाही. मात्र पहिल्या माहितीपटासाठी घरापासून सायकलने जाता येईल असा विषय निवडा, म्हणजे हुकलेल्या दृश्यासाठी दहा वेळा परत जाताना कोणाची परवानगी मागावी लागणार नाही.