सामान नेता येईल, कानाचं काय?

तुम्ही विचारलंय की लोकेशन साऊंडचा, म्हणजे शूटिंगच्या जागीच आवाज रेकॉर्ड करण्याचा, अनुभव आहे, स्वतःचं सामान आहे, तर कुटुंबासकट परदेशी स्थायिक व्हावं का, आणि तिथे एकटं पडायला होतं का. व्हिसाचे प्रकार, फी, मुदती सरकारी वेबसाइटवर असतात, त्या तिथेच वाचा.

अनुभवाची पत्रं आजपासून गोळा करा. आपल्या धंद्यात एका सिनेमापुरती कंपनी काढतात, सिनेमा लागला की ती गुंडाळतात. मग सही कोण करणार? माझं नाव पडद्यावर श्रेयनामावलीत होतं, तरी व्हिसाची फाइल बघणारा अधिकारी पगाराच्या स्लिपा मागत राहिला. फ्रीलान्सरकडे स्लिपा कुठल्या? इन्व्हॉइस, कॉल शीट, साऊंड रिपोर्ट, बँकेच्या नोंदी, सगळं जोडलं. फाइल परत आली ती त्याच प्रश्नासकट. तो राग अजून उतरलेला नाही.

वायरलेस माइकचा सेट विकून जा. अमेरिकेत ६१४ ते ६९८ मेगाहर्ट्झचा पट्टा २०१७च्या लिलावात मोबाइल कंपन्यांकडे गेला आणि जुलै २०२० पासून त्यातल्या बहुतेक भागात वायरलेस माइक चालवायला बंदी आहे. तुमचा सेट कुठल्या पट्ट्यात चालतो ते आधी बघा. रेकॉर्डर, शॉटगन माइक, बूम पोल (माइक नटाच्या डोक्यावर धरायची लांब काठी) खुशाल न्या, पण एटीए कार्नेवर, म्हणजे सामान तात्पुरतं परदेशी नेण्याच्या कस्टम्सच्या कागदावर नाही. त्यावर नेलेलं सामान मुदतीत परत आणावं लागतं.

खरी अडचण कानाची आहे. नटाचं वाक्य कुठे संपतंय हे बूमवाल्याला आतूनच कळावं लागतं, कारण ते संपायच्या आत माइक दुसऱ्याकडे वळायला हवा. मातृभाषेत माझा हात आपोआप वळायचा. इथे मी पानंच्या पानं पाठ करून जायचो, आणि नटाने ऐन वेळी वाक्य फिरवलं की हात अडायचा. हेडफोनमध्ये आवाज स्वच्छ, पण शेवटचा शब्द नटाने गिळला की कॉलर माइकवर कापड घासलं, हे लगेच सांगता येईना. आणि टेक पुन्हा घ्यायचा का, हे त्याच क्षणी सांगण्यावरच तर रेकॉर्डिस्टची किंमत ठरते.

आता मी फोली करतो, म्हणजे सिनेमातले बारीकसारीक आवाज स्टुडिओत पुन्हा काढून रेकॉर्ड करतो. पावलं, कपड्यांची सळसळ, कपबश्या. काम चांगलं आहे, पैसे वेळेवर येतात. संवाद मात्र माझ्या हातून सुटले, आणि त्याचं मला वाईट वाटतं.

एकटेपणा असतो. शूट चालू असताना जाणवत नाही, दोन कामांच्या मधल्या दिवसांत जाणवतो. त्यावर याहून जास्त लिहिण्यासारखं काही नाही.

मुलं असतील तर शाळेशी आधी लेखी बोला. माझ्या मुलीला भाषा येत नाही म्हणून एक इयत्ता खाली बसवलं. गणितात ती वरच्या वर्गालाही भारी होती, वही दाखवली तर कुणी उघडूनही पाहिली नाही. ती ते विसरली, मला विसरता येत नाही. आता टीव्हीवर कुणी शब्द गिळला की तीच मला सांगते तो काय म्हणाला.

मिक्सिंग किंवा इफेक्ट्सवर तुमची पकड असेल तर निघा. संवादावर असेल तर आधी तिथल्या भाषेतले सिनेमे सबटायटल बंद करून, हेडफोन लावून ऐका, आणि किती शब्द निसटतात ते लिहून काढा. कोणत्या भाषेत काम करायचंय ते तुम्ही लिहिलेलं नाही. ते कळवा.